हयातीचा दाखला

भिरूड सर आले नोव्हेंबरात,
सावद्याच्या बँकेत, पेन्शनच्या खिडकीशी.
मी म्हटलं, सर, हयातीचा दाखला.
फोटो लागेल, जरा इकडे बघा.

त्यांनी टेबलावरचा पेपर उचलला,
तारीख दिसेल असा छातीशी धरला
आणि भिंतीला पाठ लावून उभे राहिले.

रांगेत कुणी हसलं नाही.
बाहेर केळीच्या ट्रकचा हॉर्न तेवढा.

सहा वर्षं, सात महिने.
कॉलेजच्या मस्टरवर ‘रजेवर’ लिहिलंय,
महिन्यामागून महिना, माझ्या थोरल्या भावाच्या अक्षरात.
कुठल्या गावात ठेवलं होतं, ते सरांना आजही सांगता येत नाही,
भूगोलाच्या माणसाला.

खिडकी नव्हती रे, म्हणाले एकदा.
मग तापी म्हणायचो. पूर्णेपासून खाली,
वाघूर, गिरणा, बोरी.
रोज, मोठ्यानं, वर्गात म्हणावं तसं.
एका तापात पांझरेपाशी अडलो.
पुढची नदीच सापडेना.
दाराबाहेरून पहाऱ्यावरचा पोरगा म्हणाला,
“बुराई.”

त्या पोराचं पुढे काय झालं
हे मी विचारलं नाही. त्यांनीही सांगितलं नाही.
कुमुदताई शेजारी पिशवीचा बंद पिळत बसल्या होत्या.

अंगठा मशीनवर उमटेना.
पुसला, पुन्हा ठेवला. तिसऱ्यांदा घेतला.
झालं सर, मी म्हटलं. वर्षभर काळजी नाही.

पेपरची घडी घालून त्यांनी जागेवर ठेवला.
“जाऊ?”
दार तर उघडंच होतं.