परमिट

येडशीच्या फीडरवर रात्री पावणेदोनला डीओ उडाला.
मुंजाजीनं सबस्टेशनातून परमिट दिलं,
"लाईन बंद हाय, चढ बिनघोर."
मी चढलो. कमरेला पट्टा, दातात बॅटरी.
खाली गाडी, गाडीच्या हँडलला डबा,
डब्यात बाजरीची भाकर अन् सुकट.

सुकटीच्या वासानंच आलं असंल.
आधी वाटलं, कुत्रं.
मग चाल दिसली. पुढून उंच, मागून उतरती,
घाईत ठोकलेल्या पत्र्याच्या शेडसारखी.
पाठीवर केसांची ताठ रांग,
अंगावर पट्टे.

तरस.

आमच्याकडं म्हणतात, मढं उकरतं,
माणसासारखं हसतं.
हे हसलं नाही.
डबा पाडला, कडीशी जरा खटपट केली
(ती कडी आमच्या शिवकन्येलाबी निघत नाही)
मग दाढेखाली धरून डबाच चेपला
अन् खाऊन झाल्यावर बसलं खांबाच्या बुडाशी,
सावकाराच्या ओट्यावर बसावं तसं.

एकदा वर बघितलं त्यानं.
बॅटरीच्या उजेडात दोन हिरवे ठिपके.
आमच्या पॅनेलवर हिरवा म्हणजे बंद,
हात लावायला हरकत नाही.
मी बॅटरी विझवली.

फ्यूज बसवून झाला होता.
खिशात फोन थरथरायला लागला.
"झालं का? अकरा गावं अंधारात हायेत,
सरपंचाचे फोन यायलेत मला."
"थोडं राहिलंय."
"काय राहिलंय?"

सांगितलं असतं तर
दहा मिनिटांत जीप आली असती,
काठ्या, फटाके, मोबाईलचे उजेड.
म्हनलं, "फांदी हाय."
"मोठी हाय का?"
"मोठी हाय."

चाळीस मिनिटं.
पट्टा कमरेत रुतलेला, पायाला मुंग्या.
रामलिंगाच्या बाजूनं वारं यायलं.
पंखे बंद पडलेली माणसं अंगणात येऊन
मला शिव्या देत असतील.
आणि खाली कुणीतरी एवढं निवांत
की त्याचा श्वास मला वर ऐकू यायला.

मग उठलं. अंग झटकलं.
मागचा उजवा पाय जरासा ओढत
ओढ्याकडं उतरून गेलं.

वहीत लिहिलं: फांदी काढली. सप्लाय चालू, २.५०.

दिवाळीच्या सुट्टीत लेकराला औरंगाबादला नेलं,
प्राणी बघायला.
वाघापाशी ही गर्दी.
तरसापाशी आम्ही दोघं अन् एक झाडूवाली.

भिंत, हौद, भिंत. भिंत, हौद, भिंत.
त्याच्या चालण्यानं तेवढीच फरशी गुळगुळीत झालेली.
शिवकन्येनं विचारलं, "हेच का ते?"
मी पाय बघितला. चारी धड.
नाही म्हणायला तोंड उघडलं,
तोवर ती जाळीला नाक लावून हाका मारायली,
"फांदी! ए फांदी!"

त्यानं बघितलं नाही.
आमच्याकडं नाही, झाडूवालीकडं नाही,
आभाळाकडंबी नाही.
हौद. भिंत.

आतल्या खोलीत, भर दुपारी,
उघड्या वायरीला लटकलेला एक बल्ब जळत होता.
राखणदाराला म्हनलं, "दादा, तेवढा बंद करा की.
झोपावं कसं त्यानं?"
"बटण ऑफिसात हाय," म्हणाला,
"साहेब जेवायला गेलेत."
"मी वायरमन हाय. मी करू का?"
"परवानगी लागंल."

बसलो मग बाकावर, साहेबांची वाट बघत.
शिवकन्येनं मांडीवर डबा घेतला,
नवा, बायकोनं बाजारातून आणलेला.
बराच वेळ झटली,
कडी काही निघंना.