पान अकरा

न्यूकॅसल. फेब्रुवारी. ‘लंगडं खेचर’ नावाच्या पबची माडी.
प्रेक्षक नऊ. त्यातले दोघे जिना चुकून आलेले.
तिकीट फाडणारा मी, दिवा टाकणारा मी,
कोणी हसलं तर वहीत मांडणाराही मीच.
वही कोरी होती.

थोरा बेनब्रिज आली. अंगात बापाचा ओव्हरकोट,
हातात बॉयलरची माहितीपुस्तिका.
वाचायला लागली.
पहिल्या पानापासून.
“उपकरण समतल जागी बसवावे.”
थांबली.
एकेकाकडे पाहिलं,
जणू आमच्यातलं कोण समतल नाही ते तिला ठाऊक होतं.

विनोद कुठाय, असं विचारायची सोय नव्हती.
ती म्हणायची, त्याच्यासाठी केटली चढवून बसलं
की तो येत नाही.

सातव्या पानाला एकजण उठून गेला.
आठव्याला त्याची बायको.
नवव्याला ती छत्री न्यायला परत आली
आणि बसलीच.

“पान अकरा. झडप डावीकडे फिरवावी.”
“उजवीकडे,” मागून आवाज.
सिरिल हेपल. साठीचा. जन्मभर बॉयलर उसवून
नखं कायमची काळी.
“डावीकडे फिरवलीस तर गल्ली उडेल, पोरी.
छापणाऱ्याची चूक आहे. तीन पत्रं लिहिली मी कंपनीला.”

दिवा कुणावर टाकावा, मला कळेना.

थोरानं पुस्तिका मिटली.
“दाखवा,” म्हणाली,
आणि त्याच्यामागं जिना उतरली. तिच्यामागं आम्ही,
बारमधून, पिंपांच्या फटीतून, तळघरात,
जिथं पबचा बॉयलर तीन आठवडे
मेल्या बैलासारखा पडला होता.

सिरिलनं बाह्या सारल्या. थोरानं टॉर्च धरला.
छत्रीवालीनं न विचारता नेमका पाना पुढं केला.
चाळीस मिनिटं. हसलं कोणी नाही.
मग नळ्यांच्या आत कुठंतरी काहीतरी खाकरलं,
म्हातारा बोलण्याआधी खाकरतो तसं,
आणि थोरा फुटली.
भिंतीला टेकून, पोट धरून, नाक ओव्हरकोटाला पुसत.
चार वर्षांत तिला हसताना मी पाहिलं नव्हतं.
वहीत मांडलं: एक.

पेपरवाला वरच बसून राहिला होता.
दोन तारे दिले त्यानं. लिहिलं,
शेवटची चाळीस मिनिटं, नुसता रिकामा रंगमंच,
तेवढं मात्र धाडस.

दुसऱ्या रात्री अकरावं पान आलं.
“डावीकडे,” थोरा म्हणाली, आणि थांबली.
खोली उबदार. लोक कोट काढून बसलेले.
सिरिल त्याच्या घरी.
ती थांबली. कोणीतरी खुर्ची सरकवली.
ती थांबलीच होती, मान किंचित मागच्या रांगेकडे.

शब्द मला माहीत होता.
जिभेवर होता.
पण माझं काम दिव्याचं.