तेहतीस म्हणा

अठरा वर्षं मी डॉक्टर नेस्तोर गोबेजिश्विलीची गाडी चालवली.
गाडी म्हणजे हिरवी जीप, मागच्या काचेला पुठ्ठा,
रिओनीच्या काठाने ओनीपर्यंत, आणि ओनीच्याही वर,
जिथे रस्ता बर्फाला विचारून पुढे सरकतो.
तो मधला आवाज. मी खर्ज.
वरचा आवाज भूगोलाच्या अम्ब्रोसी मास्तरांचा.
आमच्याकडे गाणं एकट्याने उचलत नाहीत,
तुळईसारखं तिघांनी धरायचं असतं.

इतर डॉक्टर म्हणायचे, तेहतीस म्हणा,
आणि पाठीला नळी लावून ऐकायचे
आकडा छातीत कसा घुमतो ते.
नेस्तोर म्हणायचा, आकडा राहू दे, काहीतरी गा.
नव्वदीची देस्पिने, दोन ओळींपुरता श्वास शिल्लक,
तिने नांगरणीचं एक गाणं काढलं, कुणालाच न येणारं,
ते त्याने तिच्या पाठीकडून ऐकलं.
उजवीकडे पाणी झालंय, म्हणाला.
आणि तिसरी ओळ विसरलीस, आजी. आठवून ठेव, गुरुवारी येतो.
गुरुवारी गेलो. ओळ आठवली होती.
पाणीही वाढलं होतं.

चिठ्ठीवर पुढे औषध, मागे गाणं.
औषधवाला चिठ्ठी ठेवून घ्यायचा,
म्हणून आमच्या खोऱ्यातली कितीतरी गाणी
कुतैसीच्या एका दुकानात तारेला टोचलेली आहेत,
खोकल्याच्या तारखेप्रमाणे.

गोवराला आम्ही गोवर म्हणत नाही.
पाहुणे आलेत, म्हणतो.
मग मोठ्याने बोलायचं नाही, दिव्यावर लाल फडकं,
आणि पाहुण्यांना रुचेल असं गाणं,
म्हणजे ते न रुसता निघतात.
राजधानीहून आलेला तपासनीस हसला.
नेस्तोर हसला नाही. गार पेटीतून लस काढली,
शेजारच्या सात पोरांना टोचली, हात धुतले,
मग पलंगाशी बसून विनवू लागला:
साहेब, बाईसाहेब, घोड्यांना जव घातलेत,
उन्हं चढायच्या आत निघा, वाट झाडून ठेवलीय.
परतताना मी विचारलं, तुझा विश्वास आहे यावर?
म्हणाला, ताप उतरायला तीन दिवस लागतात.
आईने तीन दिवस करायचं काय?

एका हिवाळ्यात, वीज नव्हती त्या वर्षी,
पाहुणे पोराला घेऊनच गेले.
उतारभर तो बोलला नाही.
मी गिअर दुसऱ्यात ठेवला आणि हळू खर्ज धरला,
काहीतरी चालू असावं म्हणून.

मास्तरांच्या भाचीचं लग्न. पाचवा पेला.
मधला आवाज घसरला, बोटभर.
आम्ही म्हटलं, वाईन.
त्याने पेला ठेवला, गळ्याला हात लावला,
तीच जागा एकट्याने पुन्हा घेऊन पाहिली, मग जरा खालून,
अडलेल्या कुलपात किल्ली फिरवतात तशी.
वाईन अशी चोरी करत नाही, म्हणाला.
डाव्या फुप्फुसात, वरच्या अंगाला, काहीतरी वाढतंय,
नस दाबतंय.
गाडीत म्हणाला, पाच महिने.
सात निघाले.
अठरा वर्षांत त्याचं एवढंच निदान चुकलेलं मला ठाऊक आहे.

शेवटी आवाज पुरता गेला.
आम्हाला गायला लावायचा, सदरे वर करून,
आणि नळी लावून बसायचा,
एकदा मास्तरांच्या पाठीला, एकदा माझ्या.
मधलं तो ओठांनी करायचा. बिनआवाजी.
नळी गार. मी दचकलो की रागवायचा,
सूर हलतो म्हणून.

आता नवी डॉक्टर आहे. तेआ. सव्वीस वर्षांची, घाईची, चांगली.
गाडी मीच चालवतो, पण जिने चढताना धाप लागते.
काल तिने मला तपासलं.
तेहतीस म्हणा, म्हणाली.
म्हटलं.
जरा लांबवलं, खालच्या पट्टीत, वर जागा सोडून.
तिचा हात थांबला.
पुन्हा म्हणा, म्हणाली.