खोआत गाडीतच थांबतो

आज सात जण. आठवी जागा
पाण्याच्या बाटल्यांना आणि माझ्या छत्रीला.
माझं नाव न्गुयेत. जीभ वळत नसेल तर
चंद्र म्हणा, अर्थ तोच.
हसतात. रोज इथेच हसतात.

हुएचा राजवाडा. मधलं दार राजाचं,
आपण बाजूने.
आत महाल नाही, जोतं आहे,
आणि जोत्यावर वाळत घातलेला
माळ्याचा सदरा.

भिंतीला भोकं.
उंच पाहुणा एकात बोट घालून बघतो,
"ही कशाची?"
मी सन सांगते. दोन वाक्यं, पाठ आहेत.
तिसरं कधीच सांगत नाही,
की आमचा ड्रायव्हर त्या साली सहा वर्षांचा होता
आणि तेव्हापासून या दारातून आत आलेला नाही.
तो बाहेर काचा पुसतो.
पुसलेल्याच पुन्हा.

दुपारी बून बो. तिखटाने सगळ्यांची नाकं वाहतात,
तेवढा वेळ इतिहासाला सुट्टी.

मग टोपीवालीकडे. ताडपानांच्या दोन थरांत
कवितेच्या ओळी दडवलेल्या,
उजेडाकडे धरली तरच दिसतात.
उंच पाहुणा एक विकत घेतो,
परतताना पुढच्या सीटवर बसतो,
आणि सिग्नलला, काही न बोलता,
ती खोआतच्या हाती देतो.

खोआत ती मावळतीच्या उन्हात धरतो.
वाचतो. मोठ्याने.
अकरा वर्षं एका गाडीत,
त्याला वाचताना मी ऐकलं नव्हतं.

सिग्नल हिरवा. मागे स्कूटरींचा कालवा.
शेवटची ओळ पुरी करतो,
मग गिअर टाकतो.