'प' नसलेल्या लिपीत

अजमानला, मासळी बाजाराच्या मागच्या गल्लीत
आमचं टायपिंग सेंटर.
काचेवर पाच भाषा, आत दोन खुर्च्या,
गळक्या एसीखाली एक बादली.
एकोणीस वर्षं मी इथे माणसांची नावं
डावीकडून उचलते
आणि उजवीकडून मांडते.

गुरुवारी आंबेरकर आले.
तो टाक्यांचा वेल्डर, कानामागे काजळी राहिलेली.
ती, शलाका, टाके सांभाळत खुर्चीच्या कडेवर.
टॉवेलात अकरा दिवसांची मुलगी.

'नाव?'
'पेझली,' तो म्हणाला. 'पेझली निनाद आंबेरकर.'
आणि मी हसते का ते बघत राहिला.

हसले नाही.
माझ्या बोटांखालून काय काय गेलंय:
साताऱ्याची ब्रुकलिन,
दोन चेल्सी, त्यातली एक मालवणची,
कुणीच न पाहिलेली गावं
पोरींच्या पाळण्याला बांधलेली.
अर्ज भरणाऱ्या बाईने अर्थ विचारायचा नसतो.
विचारला.

'गाव आहे, स्कॉटलंडात,' शलाका म्हणाली.
'तिथे शाली विणायचे, काश्मिरी शाली बघून बघून.
मग नक्षीलाच गावाचं नाव पडलं.
नक्षी म्हणजे, ही.'
तिने ओढणीचं टोक काउंटरवर पसरलं.

अगं, ही तर कोयरी!
काठापदराची, मेंदीची,
चैत्रात हळदीकुंकू घेऊन घरोघर फिरणारी,
शेपटी मुरडून बसलेली आपली कोयरी.
केवढी भटकून आली,
आणि नाव बदलून.

'मग कोयरीच ठेवायचं की,' मी म्हटलं.
'शाळेत चिडवतील,' तो म्हणाला.
'आणि पेझलीला नाही चिडवणार?'
तो गप्प. सासऱ्यांनी फोनवर विचारलं होतं म्हणे,
'पैसे ली? कोणी, कुणाचे?'

तेव्हा ती खाली बघत बोलली,
त्याला नाही, मलाही नाही, टॉवेलाला:
'एका खोलीत प्लायवूड लावून तीन बिऱ्हाडं आहोत आम्ही.
ही रडली की पलीकडचे खोकतात.
रात्री हिला पाजताना मोबाईलवर नावं वाचत होते,
आणि या नावात मला पैस ऐकू आला.
ऐसपैस मधला.'

मी काही बोलले नाही. कीबोर्ड पुढे ओढला.

मग ते सांगणं आलंच.
'अरबीत प नाही. ब होईल. बेझली.'
त्याचा चेहरा उतरला.
मी माझं ओळखपत्र काढून दाखवलं:
पद्मजा जन्माला आले,
एकोणीस वर्षं सरकारदरबारी बदमजा आहे.
दोघं हसले. ती हसताना पोटाला हात लावून.
'त्या गावाच्या नावात म्हणे मुळात ब च होता,' ती म्हणाली,
'जुन्या कुठल्या देवळावरून.
खरं-खोटं मोबाईलला माहीत.'

टाइप करताना एक दिसलं.
आपलं गाव मागून येतं,
कर लावून, आडनावाच्या शेवटच्या डब्यात.
त्यांचं गाव दारातच उभं.
या पोरीला दोन्हीकडून गाव, मध्ये बाप,
आणि आंबेरला ती अजून गेलेली नाही,
त्या दुसऱ्याला कधी जाईल कोण जाणे,
आणि जिथे जन्मली ते अजमान
नावात कुठेच नाही.
ते फक्त खालच्या रकान्यात, 'जन्मस्थळ' पुढे.

प्रिंट निघाला. तिने अरबी ओळीवर बोट फिरवलं,
वाचता येत नव्हतं तरी, उलट्या दिशेने.
'यात ती कुठे आहे?'
'ही, इथे. खाली टिंब आहे ना, तो ब.'
'एकच टिंब?'
'एकच. फारसीत तीन देतात, तेव्हा प होतो.'
ती थोडा वेळ बघत राहिली.
मग पर्समधलं पेन काढून, मला न विचारता,
झेरॉक्सवर आणखी दोन दिली.

अस्सल प्रत तशीच राहिली.
पंधरा दिरहम होतात, दहा घेतले.
बादली काठोकाठ भरली होती,
उचलताना थोडं पाणी सांडलं.