परिच्छेद सहा

मी, हरेश्वर काळूराम घरत, वय एक्कावन्न,
धंदा झेरॉक्स, लॅमिनेशन, ऑनलाइन फॉर्म,
राहणार ऐरोली, सेक्टर तीन,
सत्यप्रतिज्ञेवर लिहून देतो की

(इथवर वकीलबाईंनी टाइप केलं.
मशीन माझं, कागद माझा,
पानाचे पाच रुपये मी घेतले नाहीत.)

शेवटची वेळ पाच.
मृण्मयी तांडेल सव्वाचारला आली.
नॉन-क्रिमीलेअरचा दाखला त्याच दुपारी मिळालेला,
ठाण्याच्या तहसिलीतून,
शिक्का अजून बोटाला लागत होता.
तीन नंबरच्या मशीनवर बसवलं तिला.
चार पंचावन्नला सबमिट.
चाक फिरत राहिलं.
फिरत राहिलं.
पाच वाजून दोन मिनिटांनी पडद्यावर आलं,
मुदत संपली आहे,
आणि खाली पदवीच्या टोप्या उडवणारी हसरी मुलं.

परिच्छेद सहा : सर्व्हर मंद होता.
होताच. खोटं नाही त्यात.
पण साडेचार ते पावणेपाच
तिचा फोटो वीस केबीत बसवायचा सोडून मी
एका म्हाताऱ्याचं रेशनकार्ड लॅमिनेट करत होतो.
बुडबुडा राहिला म्हणून
पुन्हा रोलरखालून काढलं.
त्याची घणसोलीची बस होती.
तीच म्हणाली, काका, आधी त्यांचं करा.

वीस रुपये मिळाले.
हे कुठल्याच परिच्छेदात नाही.
वकीलबाई म्हणाल्या, विचारलं तेवढंच सांगायचं असतं.

सुनावणी तिने माझ्याच दुकानात पाहिली,
त्याच तीन नंबरवर, आवाज बंद करून घेतलेल्या चौकटीत.
बाप न्हाव्याच्या बंदरातून रात्रपाळी करून तसाच आलेला,
स्टुलावर पेंगत होता,
आणि 'याचिकाकर्ती' म्हटलं की दचकायचा.
आपल्या पोरीला कुणी इतक्या जड नावाने
हाक मारेल, हे त्याच्या गावीही नव्हतं.

न्यायमूर्ती चिडले नाहीत.
म्हणाले, दोन मिनिटांसाठी दार उघडलं
तर तीन मिनिटंवाला बाहेर उभाच आहे.
मला पटलं.
पटायला नको होतं.

मग प्रतिवादी क्रमांक चार.
कुणी वाळुंज, जुन्नरकडची. जागा तिला गेलेली.
फॉर्म पोचल्याची वेळ : चार एकोणसाठ.
म्हणजे तिकडेही असेल कुणी माझ्यासारखा,
ज्याने त्या दुपारी दारातल्या गिऱ्हाइकाला
सांगितलं असेल, जरा थांबा.

याचिका फेटाळली. खर्चाबद्दल आदेश नाही.

परवा ती पुन्हा आली.
दुसरं कॉलेज, दुसरा कोर्स,
मुदतीला अजून एकोणीस दिवस.
मी फोटो कापत होतो, तेवढ्यात एक बाई
आधार कार्ड घेऊन काउंटरशी आली.
मृण्मयीने पडद्यावरची नजर न काढता म्हटलं,
काका, आधी माझं.

बाईला मी हातानेच थांबवलं.
मागे लॅमिनेटर
उगाच तापत राहिला.