तिसरा पुकारा

किसुमूच्या अपील कोर्टात पुकारा मी करतो.
नाव तीनदा घ्यायचं, असा रिवाज.
पहिल्यांदा दालनात,
दुसऱ्यांदा दाराशी,
तिसऱ्यांदा व्हरांड्याच्या टोकाला, जिथे
जकरंडाखाली टायपिस्ट बसतात
आणि शपथपत्रं उडू नयेत म्हणून
त्यांच्यावर सरोवरातले गोटे ठेवतात.

नेरिया अडोयो, अपीलकार.
नेरिया अडोयो हजर आहे का?
नेरिया अडोयो—
ओ दिली ती छपरावरच्या हडाडा पक्ष्यानं,
नेहमीसारखी कर्कश.
रोजनाम्यात त्याची नोंद घेत नाहीत.

बारा वर्षांचं अपील.
वाद चाळीस पावलं किनाऱ्याचा,
ओमेना, ती बोटाएवढी चंदेरी मासळी,
वाळत घालायच्या जागेचा.
हद्दीला शेराचं कुंपण. ते कुणी लावलं
याच्या साक्षी एकशे सहा पानं.
पानं टाइप करून घ्यायला पैसे पडतात.
नेरियानं निम्मी घेतली,
उरलेली मासळी विकून नेईन म्हणाली
माझ्याच टेबलापाशी, फडक्याची गाठ सोडत.
साक्षीदार क्रमांक चार
फाइलमध्ये अजून अर्ध्या वाक्यात उभा आहे:
"माझ्या सासऱ्यांनी मला सांगितलं होतं की"

मग एका साली सरोवर चढलं
आणि उतरलं नाही.
चाळीस पावलं गेली, शेर गेला,
शेम ओबोंडोचं घर गेलं (हा उत्तरवादी),
त्याच्या चुलीच्या जागी जलपर्णी फुलते.
कोरडी राहिली ती फाइल,
दुसऱ्या मजल्यावर, लोखंडी कपाटात.

शेम मात्र दर तारखेला आला.
चुलतभावाच्या घरून, मटाटूनं,
तोच तपकिरी कोट.
पूर्वी दोघं एकाच गाडीनं यायची,
शब्दाला शब्द नको म्हणून ती पुढे, हा मागे;
परतताना याला भाड्याला कमी पडलं
तर ती मागे न बघता
कंडक्टरच्या हाती सुट्टे द्यायची.
हे त्यानंच सांगितलं मला,
जणू पुराव्यात दाखल करून घ्या.

आज त्याचा तरुण वकील उठला:
अपीलकारास अपील चालवण्यात स्वारस्य दिसत नाही.
मधल्या न्यायमूर्तींनी घड्याळ पाहिलं, मग दार, मग मला.
"पाठपुराव्याअभावी अपील काढून टाकण्यात येत आहे.
खर्च उत्तरवादीस."
शिक्क्यालाच जास्त वेळ लागला,
शाई सुकली होती.

शेम टेबलाशी आला.
"संपलं?"
संपलं. जिंकलात.
"काय जिंकलो?"
मी हुकूम दाखवला. चाळीस पावलं, मोजमापासह.
त्यानं ओळीवरून बोट फिरवलं.
"हे परत उघडता येतं का?"
येतं. तीस दिवसांत अर्ज, सबळ कारण.
पण तो तिनं करायचा. तुम्हाला तो हक्क नाही.
"कारण मी देतो ना," तो म्हणाला,
"ती तारीख चुकवणारी बाई नाही.
आठव्या महिन्यात होती तेव्हाही आली होती,
माझ्याविरुद्ध."
कारण अपीलकाराच्या शपथेवर लागतं, मी म्हटलं.
"मग पत्ता द्या तिचा."

पत्ता फाइलवर होता. मी वाचून दाखवला:
किनारा, शेराच्या कुंपणापलीकडे,
शेम ओबोंडोच्या घराशेजारी.

त्यानं मान हलवली,
वाट समजल्यासारखी,
कोटाचं वरचं बटण लावलं आणि निघाला.
मी पुढचं नाव घेतलं.

तिसाव्या दिवशी दफ्तराची खिडकी
मी वीस मिनिटं उशिरा लावली.
साहेबांनी विचारलं तर
शाई सुकली होती.